टाइम ट्रॅव्हलची पटकथा लिहिताय? या चुका टाळा

माझी पहिली टाइम ट्रॅव्हलची पटकथा एका प्रश्नात आडवी झाली. गोष्ट साधी होती. बहिणीचा अपघात टाळायला नायक बारा वर्षं मागे जातो, अपघात टाळतो, परत येतो, तर बहीण दारात उभी. शेवट लिहिताना माझेच डोळे ओले झाले होते. मित्राला वाचायला दिली. त्यानं वही मिटली आणि विचारलं, "अपघात झालाच नाही, तर हा मागे गेला कशाला?"

उत्तर नव्हतं. त्याहून वाईट म्हणजे हा प्रश्न मला पडलाच नव्हता.

नंतर माझ्या आणि इतरांच्याही अशा बऱ्याच संहिता उसवून पाहिल्या. चुका मोजक्याच असतात आणि त्याच त्या असतात. भूतकाळाला हात लावला की नेमकं काय होतं, हे लेखकानं ठरवलेलंच नसतं. प्रसंग मागेल तसा तो नियम वाकवत जातो, आणि प्रेक्षकाला ते कळतं. नेमकं काय चुकलं हे त्याला सांगता येत नाही, पण आपल्याला फसवलं गेलंय एवढं त्याला नक्की जाणवतं.

नियम न ठरवताच पहिला सीन लिहिणं

रीती मुळात तीनच आहेत.

पहिलीत काळ बदलतच नाही. तुम्ही मागे जाऊन जे कराल ते आधीच घडून गेलेलं असतं. इगोर नोविकोव्ह या रशियन भौतिकशास्त्रज्ञानं १९८०च्या दशकात याच धर्तीचं तत्त्व मांडलं: भूतकाळात जाता आलं, तरी तिथे विसंगती निर्माण करणारी घटना घडूच शकणार नाही. सिनेमात याचा नमुना म्हणजे क्रिस मार्करचा 'ला जेते'. १९६२चा, २८ मिनिटांचा, जवळजवळ पूर्णपणे स्थिरचित्रांनी सांगितलेला. नायकानं लहानपणी विमानतळावर एका माणसाला मरताना पाहिलेलं असतं. तो माणूस तोच असतो. (साठ वर्षं उलटून गेली, आता रहस्य फोडल्याचं पाप लागू नये.) अशा गोष्टीत "जमेल का?" हा प्रश्न मेलेला असतो. उत्कंठा असते ती "हे असं कसं घडून येणार?" याची.

दुसऱ्या रीतीत कालरेषा एकच, पण ती खोडून नव्यानं लिहिता येते. 'बॅक टू द फ्युचर' (१९८५) या जातीचा. मागे गेलेल्या नायकामुळे आईवडिलांचं जमण्यात अडथळा आला म्हणून फोटोतली भावंडं एकेक करून पुसट होत जातात. तर्कानं पाहिलं तर हे हास्यास्पद आहे. जन्मच झाला नाही तर माणूस हप्त्याहप्त्यानं कसा नाहीसा होईल? पण पडद्यावर ती युक्ती झकास चालते, कारण प्रेक्षकाच्या हातात घड्याळ आलेलं असतं. तर्काचा एवढा मोबदला मी खुशीनं देईन.

तिसरी रीत फांदीची. तुम्ही मागे गेलात की तिथून नवी शाखा फुटते, आणि जुनं जग जिथल्या तिथे राहतं. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटनं १९५७ साली पुंजयांत्रिकीचा (क्वांटम मेकॅनिक्सचा) जो अर्थ लावला त्यातून ही 'अनेक जगं' आली, आणि १९९१मध्ये डेव्हिड डॉइचनं ती कल्पना कालप्रवासाच्या कोड्यांना लावून पाहिली. आजोबांना मारलं तर नातू जन्मेल कसा, हा जुना पेच इथे सहज सुटतो: मेले ते दुसऱ्या जगातले आजोबा. लेखकांना ही रीत सोपी वाटते आणि तिथेच ते घसरतात. कारण इथे वाचवलेली बहीणही दुसऱ्याच जगातली. तुमच्या घरातल्या भिंतीवरचा तिचा फोटो तसाच, हारासकट. हे दुःख गोष्टीत आणायचं नसेल तर फांदीच्या वाटेला जाऊच नका.

तिन्हींपैकी कुठलीही निवडा, पण एकच निवडा. सगळ्यात जास्त दिसणारी भानगड अशी: मध्यंतरापर्यंत नायक जे जे टाळायला जातो ते ते त्याच्याच हातून घडतं, म्हणजे पहिली रीत. आणि क्लायमॅक्सला तो प्रेमाच्या जोरावर सगळं बदलून टाकतो, म्हणजे दुसरी. असं झालं असेल तर शेवट दुरुस्त करत बसू नका. मध्यंतराआधी एक तरी छोटी गोष्ट खरोखर बदललेली दाखवा, म्हणजे बदल शक्य आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असेल. एक फुटलेला कपसुद्धा पुरतो.

यश मिळालं की कारणच पुसलं जातं

ही माझी चूक. खोडून लिहिण्याच्या रीतीत ती हमखास होते, आणि तिच्यातून निघायच्या तीन वाटा मला सापडल्या आहेत. एक, प्रवास केलेला माणूस बदलाच्या बाहेर राहतो असा नियम करा आणि तो लवकर सांगा. दोन, बदल झाल्यावरही जाण्याचं कारण शिल्लक ठेवा: नायक तरुणपणच्या स्वतःसाठी असं काही मागे सोडतो की त्याला बारा वर्षांनी पुन्हा यंत्रात बसावंच लागतं. तीन, अपघात झाला असं सगळ्यांना वाटत राहतं, पण बहीण वाचलेली असते. म्हणजे बदललं काहीच नाही, आपल्याला अर्धंच माहीत होतं. तिसरी वाट लिहायला सगळ्यात अवघड. तिच्यासाठी पहिल्या दहा पानांत मृतदेह कोणीही नीट पाहिलेला नसावा लागतो, आणि प्रेक्षकाच्या ते तेव्हाच लक्षात येता कामा नये.

यंत्र फार सोयीचं असणं

"पहिला प्रयत्न फसला, मग परत का नाही गेला?" हा प्रश्न प्रेक्षकांतून आला तर ताण संपलाच. पुन्हा 'बॅक टू द फ्युचर'चंच उदाहरण घ्यावं लागतं, कारण यंत्राला इतकं घट्ट बांधलेलं क्वचित सापडतं. यंत्र म्हणजे एक गाडी. तिनं ताशी ८८ मैलांचा वेग गाठायला हवा, १.२१ गिगावॉट वीज हवी, आणि १९५५ मध्ये एवढी वीज फक्त आकाशातूनच मिळणार. ती घड्याळाच्या मनोऱ्यावर १२ नोव्हेंबरच्या रात्री १० वाजून ४ मिनिटांनी पडते. एकच संधी, मिनिटासकट ठरलेली. विज्ञान म्हणून यात दम नाही, पण पटकथा म्हणून सोनं आहे.

तुमच्या यंत्राला काय लागतं, किती वेळा चालतं, आणि त्याची किंमत कोण मोजतं, हे एका ओळीत लिहिता येत नसेल तर यंत्र अजून कच्चं आहे. क्लायमॅक्सच्या तोंडावर नवी मर्यादा काढणं किंवा जुनी उठवणं ही तर सरळ बदमाशी.

फुलपाखराला वाटेल तेव्हा बोलावणं

१९६१मध्ये हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लोरेन्झनं हवामानाचं संगणकी गणित पुन्हा चालवताना ०.५०६१२७ ऐवजी ०.५०६ एवढाच आकडा भरला, आणि काही काळातच हवामान पूर्ण वेगळं निघालं. छोट्याशा फरकातून होणाऱ्या अशा मोठ्या बदलाला पुढे 'फुलपाखराचा परिणाम' हे नाव रूढ झालं. पण कालप्रवासात चिरडलेलं फुलपाखरू रे ब्रॅडबरीच्या कथेत १९५२ सालीच येऊन गेलं होतं.

पटकथेत चूक होते ती अशी. नायक मागे जाऊन युद्ध थांबवतो, अर्धं जग बदलतं, पण परत आल्यावर तीच बायको, तीच दोन मुलं, तेच शेजारी. गर्भधारणेची वेळ जरा सरकली तरी जन्मणारं मूल वेगळं. मग ही मंडळी जशीच्या तशी कशी? कठोर व्हायचं तर जवळजवळ प्रत्येक सिनेमा इथे नापास होईल, म्हणून मी यावर फार ताणत नाही. मात्र एका प्रसंगात पडलेल्या नाण्यानं साम्राज्य बुडतं आणि पुढच्याच प्रसंगात भर बाजारातल्या गोळीबारानं काहीच बदलत नाही, असं चालणार नाही. बदलाला तुमच्या जगात किती वजन आहे ते ठरवून ठेवा.

बदललेला इतिहास उभा कसा करावा, हे पाहायला मराठी वाचकाला लांब जावं लागत नाही. जयंत नारळीकरांच्या कथेत १४ जानेवारी १७६१ला पानिपतावर विश्वासरावांना लागलेली गोळी दुसऱ्या जगात निसटती जाते. बस, एवढंच. तिथून मराठे जिंकतात, आणि ईस्ट इंडिया कंपनी मोजक्या ठाण्यांपुरती उरते. वळण एकच, आणि तेही सगळ्यांना माहीत असलेल्या जागी. दहा गोष्टी बदलल्या असत्या तर एकीचाही धक्का बसला नसता.

तिथला 'तो' कुठे गेला?

हा प्रश्न बहुतेक संहितांमध्ये गालिच्याखाली सारलेला असतो. नायक बदललेल्या वर्तमानात परततो. त्या वर्तमानात बारा वर्षं जगलेला, बहिणीसोबत भांडलेला, तिच्या लग्नात नाचलेला एक 'तो' असायला हवा. तो कुठे आहे? आणि आपल्या नायकाला त्या बारा वर्षांतलं काहीच आठवत नसेल, तर दारात उभ्या असलेल्या बहिणीच्या दृष्टीनं हा कोण?

'बॅक टू द फ्युचर'च्या शेवटी नायकाला दुसरा 'तो' गाडीतून भूतकाळात जाताना दिसतो खरा, पण सुधारलेल्या आईबापांच्या घरात वाढलेल्या त्या मुलाचं पुढे काय, हे सिनेमा विचारत नाही. वेग आणि विनोद इतका असतो की आपणही विचारत नाही. तुमची गोष्ट गंभीर असेल तर ही सवलत मिळणार नाही. आणि का मागावी? माझ्या मते या साऱ्या प्रकारात भावनेचा सगळ्यात मोठा साठा इथेच आहे. ज्या आयुष्यासाठी जिवावर उदार झालो, त्यातलं काहीही आपल्याला आठवत नाही.

विज्ञानाचे शब्द फेकणं

सापेक्षतेमुळे घड्याळं खरोखर वेगळी चालतात. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्यांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि तो फरक हिशेबात धरून ती जुळवावी लागतात. पण हा फरक माणसाला भविष्याकडे लवकर नेऊ शकतो, मागे आणू शकत नाही. पात्राच्या तोंडी 'टाइम डायलेशन' (काळाचं असं संथ होणं) घालून त्याला बालपणात पाठवू नका. समीकरण न सांगणाऱ्या शास्त्रज्ञावर प्रेक्षक विश्वास ठेवतो, चुकीचं सांगणाऱ्यावर नाही.

समजावण्यात सीन घालवणं, किंवा स्वतःच गोंधळणं

'बॅक टू द फ्युचर'च्या १९८९च्या दुसऱ्या भागात डॉक हा शास्त्रज्ञ फळ्यावर एक रेघ ओढतो, तिला मध्येच फाटा काढतो, झालं. बदललेली कालरेषा म्हणजे काय, ते काही क्षणांत कळतं. दुसऱ्या टोकाला 'प्रायमर' (२००४), अवघ्या ७,००० डॉलरमध्ये केलेला, ७७ मिनिटांचा. तो जवळजवळ काहीच समजावत नाही आणि लोक अजूनही त्याचे तक्ते काढत बसतात. दोन्ही चालतं. प्रेक्षकाला गोंधळात ठेवण्याची मुभा आहे, लेखकाला गोंधळण्याची नाही.

यासाठी मी एक साधा तक्ता करतो. डाव्या रकान्यात जगाची तारीख, उजव्या रकान्यात पात्राचा स्वतःचा दिवस: नायकाचा दिवस १, दिवस २, दिवस २ची रात्र. दिवस ३ला हाताला जखम झाली असेल तर दिवस ४ला ती हवी, मग जगात तेव्हा बारा वर्षं आधीचं साल का असेना. दाढी, घड्याळ, फोनची बॅटरी, कोणाला काय माहीत आहे, सगळं उजव्या रकान्यानं चालतं. शूटिंग सुरू झालं की कंटिन्युइटी पाहणारी व्यक्ती हाच तक्ता मागणार आहे.

माझी ती पटकथा शेवटी मी फांदीच्या रीतीनं पुन्हा लिहिली. बहीण दारात उभी राहते, नायक तिला पाहतो, आणि आतून त्याच्याच आवाजात कोणीतरी विचारतं, "कोण आलंय गं?" मित्रानं तीही वाचली. वही न मिटता म्हणाला, "पण मग याच्या स्वतःच्या घरी, त्या फोटोसमोर आता कोण असतं?"

"पान ५२," मी म्हटलं.