नागपूरहून सिरियलमध्ये जायचंय? मुंबईचं तिकीट काढायच्या आधी हे कर

दर महिन्याला दोन-तीन मुली तरी विचारतात, ताई सिरियलमध्ये काम करायचंय, मुंबईला कधी जाऊ? मी तीन सिरियल केल्या, नायिकेची बहीण, वहिनी असे रोल, आता परत नागपुरात राहते, म्हणून जे पाहिलं तेवढंच सांगते. विदर्भ एक्स्प्रेसमध्ये संध्याकाळी बसलं की सकाळी मुंबई, ते सोपं आहे गं. पण तिथं भाडं भरत भरत अभिनय शिकणं फार महाग पडतं, ते इथंच शिकून घे.

सगळ्यात आधी स्टेज. राज्य नाट्य स्पर्धेची नाटकं नागपूर केंद्रावर होतात, एखाद्या ग्रुपमध्ये शिर, सुरुवातीला प्रॉपर्टी, म्हणजे नाटकातलं सामान, सांभाळायला लावली तरी चालेल, तालमी बघायला मिळतात. जमलं तर झाडीपट्टीचा, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या नाटकांचा, एक सीझन कर. दिवाळीपासून होळीपर्यंत वडसा, गडचिरोली, चंद्रपूरकडे, आज या गावात तर उद्या त्या गावात, रात्री सुरू झालेलं नाटक पहाटेपर्यंत चालतं आणि लोक थंडीत शाल गुंडाळून शेवटपर्यंत बसतात, रिटेक नाही. आवाज आणि दम तिथं तयार होतो. घरचे नाही म्हणतील, त्यांना एकदा प्रयोगाला घेऊन जा.

मग भाषा. माझ्या पहिल्या दोन ऑडिशन याच्यातच गेल्या. आपण काऊन म्हणतो, जाऊन राहिली म्हणतो, पाणीचं पानी करतो, आणि ळ तर आपल्याकडे कुठं य होतो कुठं ल. यात लाजण्यासारखं काहीच नाही, वऱ्हाडी रोल निघाला तर हीच बोली तुला काम देईल, बाकीच्या मुली ती पाठ करून बोलतात आणि लगेच कळतं. पण रोल पुण्यातल्या सुनेचा असेल तर डोळे, काळजी, पाणी हे शब्द स्वच्छच यायला हवेत. रोज सकाळी पेपरातली एक बातमी मोठ्यानं वाच, मोबाइलवर रेकॉर्ड कर, ऐक, चुकलेल्या शब्दाखाली पेन्सिलनं रेघ मार. तीन महिने तरी. बोली सोडायची नाही, दोन्ही जिभेवर ठेवायच्या.

कॅमेऱ्याचं वेगळंच असतं. सासूनं एक वाक्य टाकलं की कॅमेरा एकेकाच्या तोंडावर येतो आणि डायरेक्टर सांगतात, रिअॅक्शन होल्ड कर. पाच-सात सेकंद मान हलवायची नाही, डोळे भिरभिरायला नको, आणि तरी आत काहीतरी चाललंय हे दिसलं पाहिजे, हे घरी फोनचा कॅमेरा लावून करून बघ, पहिल्या दिवशी दोन सेकंदांतच चेहरा रिकामा होतो. मास्टरमध्ये, म्हणजे सगळा सीन एकत्र घेतात त्या शॉटमध्ये, कप डाव्या हातात होता तर क्लोजमध्ये, म्हणजे जवळून घेतात तेव्हाही डाव्यातच, आणि ज्या शब्दावर खाली ठेवला त्याच शब्दावर ठेवायचा. सीन बऱ्याचदा सेटवरच गरमागरम हातात येतो, तेव्हा दहा मिनिटांत एक पान पाठ करायची सवय लाव.

ऑडिशन आता बरीचशी घरूनच मागतात. फोन आडवा, मागे साधी भिंत, उजेड समोरून, फॅन बंद. आधी नाव, वय, उंची, शहर सांगायचं, मग दोन्ही प्रोफाइल, म्हणजे चेहऱ्याच्या डाव्या-उजव्या बाजू, दाखवायचे, मग सीन. ऑडिशनसाठी किंवा रोल पक्का करायला कोणी पैसे मागितले तर फोन ठेवून दे, काम देणारे पैसे मागत नाहीत.

आता पैसे, हे कोणी नीट सांगत नाही. दिवसाच्या हिशोबानं ठरतात, शिफ्ट साधारण १२ तासांची, आणि पेमेंट खूप ठिकाणी ९० दिवसांनी येतं. म्हणजे काम मिळाल्यावरही तीन-चार महिने खिशातूनच खायचंय, म्हणून सहा महिन्यांचा खर्च आणि रूमचं डिपॉझिट जमवूनच निघ. १० टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापलेला इन्कम टॅक्स, कापतात, उत्पन्न कमी असेल तर रिटर्न भरून तो परत मिळतो, दरवर्षी भर. सिंटाचं मेंबर व्हायचं कसं तेही विचारून ठेव, ती आपली कलाकारांची संघटना आहे. ॲग्रीमेंट मात्र सही करायच्या आधी घरी आणून वाच, महिन्याला किती दिवस काम देणार आणि मध्ये दुसरं काम करू देतात का एवढं तरी बघ.

आणि एक डायरी ठेव. तारीख, सेटवर किती वाजता पोचली, पॅकअप किती वाजता झालं, कुठले सीन झाले. माझा ट्रॅक, म्हणजे सिरियलमधली माझ्या रोलची गोष्ट, अचानक संपला तेव्हा शेवटच्या १२ दिवसांचे पैसे अडकले, प्रॉडक्शनवाले म्हणाले नऊच दिवस होते, आणि माझ्याकडे दाखवायला काहीच नव्हतं. तीन दिवसांचे गेले ते गेलेच. त्याच्यापुढच्या सिरियलला रोज रात्री कॉलशीटचा, म्हणजे त्या दिवशी कोणाला किती वाजता बोलावलं त्या कागदाचा, फोटो काढून मगच झोपायचे.