प्रेशर वॉशरचं ऑईल बदलायचंय? आधी भोकाचं बूच शोधा

पाना, नरसाळं, पसरट डबा, चिंध्या. हे असतंच हाताशी. आधी शोधायचं ते प्रेशर वॉशरच्या, म्हणजे पाण्याच्या जोरदार फवाऱ्यानं धुणाऱ्या मशीनच्या, पंपाच्या डोक्यावरचं बूच, बारीक छिद्र असलेलं. बऱ्याचदा त्यालाच डिपस्टिक, म्हणजे ऑईलची पातळी बघायची पट्टी, असते. नवा पंप येताना ऑईल सांडू नये म्हणून तिथे बिनछिद्राचं बूच असतं, आणि टेम्पोतून नेताना आपणही तेच लावतो. मागच्या वेळी तेच काढायचं राहिलं.

पंपाचं ऑईल वेगळं, इंजिनाचं वेगळं. होंडाच्या जीएक्स 160 इंजिनाला साधारण 0.6 लिटर 10डब्ल्यू-30 ग्रेडचं ऑईल लागतं. ते पंपात ओतू नका. तीन प्लंजरच्या (पाणी ढकलणाऱ्या दांड्यांच्या) पंपाला काही कंपन्या डिटर्जंट नसलेलं एसएई 30 सांगतात, काही आयएसओ 68 हायड्रॉलिक ऑईल. पंपाला ऑईल फिल्टर नसतो. डिटर्जंटचं ऑईल कचरा अन् पाणी स्वतःत धरून फिरवत राहतं, साध्यात ते तळाशी बसतं आणि खालचा ड्रेन नट काढला की निघून जातं. पुस्तिकेत दुसरं असेल तर पुस्तिका खरी. घरगुती हलक्या मशीनला बहुधा ड्रेन नटच नसतो. त्या पंपाच्या वाटेला जाऊ नका.

पहिल्यांदा पंप 50 तास चालला की बदला, पुढे चालण्याच्या साधारण दर 500 तासांनी. पहिली वेळ टाळू नका, नव्या भागांचा धातूचा चुरा त्याच ऑईलमध्ये उतरतो.

पाणी जोडून पाच मिनिटं चालवा, म्हणजे ऑईल पातळ होऊन गाळासकट उतरेल. कोरडा चालवलात तर पाण्याची सीलं जळतील. बंद करा, प्लग काढा, ट्रिगर दाबून दाब सोडा. वरचं बूच काढा, मग खालचा नट. ऑईल ताकासारखं पांढरं निघालं तर आत पाणी शिरलंय. सीलं न बदलता नवं भरलं तर त्याचंही ताकच होणार.

नटाची ओ-रिंग (रबराचं कडं) चपटी झाली असेल तर नवी घाला. पंपावरच्या पातळी दाखवणाऱ्या काचेच्या मध्यापर्यंतच भरा, जास्त झालं की फेस होऊन वरून येतं.

आता बूच. भोकाचं! बंद बूच लावून चालवलं की आतली हवा तापते, फुगते, आणि वाट नाही म्हणून ऑईल प्लंजरच्या सीलांतून बाहेर रेटते. खाली थेंब दिसले की माणूस सीलांचा संच आणायला धावतो, चांगली सीलं फेकून. छिद्र चिखलानं बुजलं असेल तरी हेच. तारेनं मोकळं करा, पण बूच हातात काढून घेऊन, नाहीतर कचरा आत पडेल.

दोन मिनिटं चालवा, पातळी बघा, नट पुसून बघा. जुनं ऑईल गटारात नको, कॅनमध्ये भरून गॅरेजला. तारीख लिहा. बूच भोकाचंच लागलंय ना?