मिरजेच्या कानांनी ‘ऱ्हॅप्सडी इन ब्लू’ कशी ऐकावी

सांगली-मिरजेत तंबोऱ्याची जवारी, म्हणजे तारांचा गुंजणारा नाद, काढताना ऐकत जो वाढला, त्याला पाश्चात्त्य ऑर्केस्ट्रा म्हणजे नुसता गलबला वाटतो. मलाही वाटायचा. अमेरिकन संगीतकार जॉर्ज गर्श्विनच्या ‘ऱ्हॅप्सडी इन ब्लू’ या रचनेपासून सुरुवात करा. ती जॅझ आणि क्लासिकल या दोन्ही घरची आहे.

आधी रेकॉर्डिंग निवडा. १२ फेब्रुवारी १९२४ ला न्यूयॉर्कमध्ये पॉल व्हाइटमनच्या बँडने ती पहिल्यांदा वाजवली. त्या बँडसाठी वाद्यमेळ फर्डे ग्रोफेने बसवला होता. त्यानेच १९४२ मध्ये सिंफनी ऑर्केस्ट्रासाठी केलेलं रूप जास्त ऐकू येतं, पण त्यात जॅझचा खरखरीतपणा व्हायोलिनांखाली दबतो, असं माझं मत. म्हणून ‘जॅझ बँड व्हर्जन’ शोधा. मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका, हेडफोन लावा.

मग पहिलं अर्धं मिनिट तीन-चारदा ऐका. क्लॅरिनेट खाली थरथरते आणि तिथून वर चढत जाते. गर्श्विनने तिथे सतरा सुटे सूर लिहिले होते. तालमीत बँडमधल्या क्लॅरिनेटवाल्या रॉस गॉर्मनने गंमत म्हणून ते ओढून वाजवले आणि गर्श्विनला तेच आवडलं. आपण याला मींड म्हणू. सनईवालाही असंच करतो: भोकावरचं बोट एकदम उचलायचं नाही, अलगद सरकवायचं, ओठांनी सूर सांभाळायचा.

आता तंबोरा लावा, ॲपवरचा चालेल. कोमल गंधार लावा, मग शुद्ध, मग दोन्हींच्या मधे रेंगाळा. जॅझवाल्यांची ‘ब्लू नोट’ तिथेच कुठेतरी असते. पियानोत ती जागा नाही, पेटीतही नाही. म्हणून पियानोवाला कोमलाला निसटता स्पर्श करून शुद्धावर येतो. भजनातला पेटीवाला हीच युक्ती करतो. एकदा ही जागा कानाला सापडली, की पुढचा पियानो वेगळाच ऐकू येतो.

पियानो एकटा वाजतो तिथे समेची वाट बघू नका. पहिल्या कार्यक्रमात त्यातला काही भाग गर्श्विनने आयत्या वेळी वाजवला होता. व्हाइटमनच्या कागदावर तिथे फक्त ‘मान हलवेपर्यंत थांबा’, म्हणजे गर्श्विनच्या खुणेची वाट बघा, अशी सूचना होती. तबलजीला हे समजावून सांगावं लागत नाही.

शेवटाकडे एक संथ, लांब सूरावट येते. सतारी बनवणारे आमचे मामा तोवर हातातली तार पुसत बसले होते. तिथे थांबले आणि म्हणाले, “हां, आता गायला.”