गळक्या नळाचा हिशेब : दशांश अपूर्णांकाला पूर्ण संख्येने कसे गुणावे

घरातला एखादा नळ गळत असेल, तर त्याच्याखाली मापाचे भांडे तासभर ठेवून साठलेले पाणी मोजावे. पाचवी-सहावीच्या मुलांना दशांश अपूर्णांकांचा गुणाकार शिकवण्यासाठी मला याहून चांगले उदाहरण सापडलेले नाही, कारण यातली संख्या मुलांनी स्वतः मोजलेली असते. समजा, तासाभरात ३५० मिलिलिटर पाणी साठले. एक लिटर म्हणजे १००० मिलिलिटर, म्हणून हे ०.३५ लिटर झाले आणि दिवसभराच्या गळतीसाठी ०.३५ × २४ हा गुणाकार करावा लागेल.

प्रथम दशांश चिन्हाकडे लक्ष न देता ३५ × २४ = ८४० असे नेहमीसारखे गुणावे. ०.३५ मध्ये चिन्हानंतर दोन अंक आहेत, म्हणून उत्तरातही उजवीकडून दोन अंक मोजून त्यांच्या आधी चिन्ह द्यावे : ८.४०, म्हणजेच ८.४ लिटर. नियम पाठ करून घेण्यापूर्वी त्याचे कारण मात्र अवश्य सांगावे. ०.३५ म्हणजे पस्तीस शतांश. ते चोवीस वेळा घेतले की ८४० शतांश होतात, जसे पस्तीस पैसे चोवीस वेळा घेतले की ८४० पैसे, म्हणजे ८ रुपये ४० पैसे होतात.

मुले सर्वाधिक चुकतात ती शेवटच्या शून्यापाशी. ८४० मधले शून्य आधीच खोडून मग दोन अंक मोजले, तर उत्तर ०.८४ येते आणि गळती दहापट कमी दिसते. म्हणून चिन्ह आधी द्यावे, शून्य नंतर काढावे. अंक कमी पडले, तर डावीकडे शून्ये भरावीत : मिनिटाला ०.००६ लिटर गळणाऱ्या नळातून १२ मिनिटांत ०.०७२ लिटर पाणी जाते.

उत्तर लिहिण्याआधी अंदाज बांधण्याची सवयही लावावी. ०.३५ हे अर्ध्यापेक्षा कमी आहे, त्यामुळे उत्तर २४ च्या निम्म्यापेक्षा, म्हणजे १२ पेक्षा कमीच येणार. गुणाकाराने संख्या नेहमी वाढते असे मानणारी मुले इथे गोंधळतात, तेव्हा त्यांना पुन्हा भांड्यातले पाणी दाखवावे.

आता महिन्याचा हिशेब : ८.४ × ३० = २५२ लिटर. जल जीवन मिशनमध्ये ग्रामीण भागासाठी माणशी दररोज ५५ लिटर पाण्याचे प्रमाण धरलेले आहे. त्या मापाने हे एका माणसाचे साडेचार दिवसांहून अधिक दिवसांचे पाणी झाले, आणि नळाचा वायसर बदलला की ते सगळे वाचते.

हीच रीत पावसाच्या पाण्यालाही लागू पडते. एक चौरस मीटर जागेवर एक मिलिमीटर पाऊस पडला, तर बरोबर एक लिटर पाणी मिळते. ४० चौरस मीटर छपरावर १२.५ मिलिमीटर पाऊस झाला, तर १२५ × ४० = ५०००, आणि चिन्हानंतर एकच अंक असल्याने उत्तर ५००.० लिटर. यातले काही पाणी उडते, काही छपरात मुरते; दहातले आठ भाग हाती लागतात असे धरले, तर ०.८ × ५०० = ४०० लिटर पाणी टाकीत येईल, आणि टाकी केवढी हवी हे मुलांना याच आकड्यावरून ठरवायला सांगता येईल.