पेन्सिलीनं भरलेली हजेरी

बी.एड.ला किंवा एम.ए. शिक्षणशास्त्राला नुकतीच ॲडमिशन घेतलेली पोरं फोन करून पहिला प्रश्न हाच विचारतात, "सर, शिक्षणाच्या तत्त्वज्ञानाच्या पेपरला कोणतं गाईड चांगलंय?" मला धड उत्तर देता येत नाही, कारण पहिल्या वर्षी मीही गाईडवरच पास झालो. आदर्शवाद, निसर्गवाद, कार्यवाद, वास्तववाद, अस्तित्ववाद. प्रत्येकाची ध्येयं, अभ्यासक्रम, अध्यापनपद्धती, शिक्षकाचं स्थान, शिस्त. पाच उभे रकाने, पाच आडवे. तक्ता पाठ झाला की प्रश्न कसाही फिरवून येऊ द्या, उत्तर तयार. पेपर झाला आणि तक्ताही डोक्यातून गेला.

विषय खरा भेटला तो छात्रसेवाकालात, म्हणजे शाळेत जाऊन शिकवायचा सराव करतात तेव्हा. बीड जिल्ह्यातली जिल्हा परिषदेची शाळा, दिवाळी नुकतीच झालेली. सहावीच्या वर्गावर पाठ घ्यायला गेलो, पाठ टाचण सहीसकट तयार, आणि समोर अर्धा वर्ग रिकामा. ऊसतोडीच्या टोळ्या साखर कारखान्याला गेल्या होत्या. मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, घेतलेली, नवराबायकोची जोडी म्हणजे एक कोयता, मग लेकरं कुणाकडं ठेवायची? काही म्हाताऱ्या आजीपाशी राहिली, काही अशा लेकरांसाठीच्या हंगामी वसतिगृहात, बाकीची गाडीत बसून गेली.

वर्गशिक्षकांनी माझ्या हाती हजेरीपत्रक दिलं. गेलेल्या लेकरांच्या नावापुढच्या खुणा पेन्सिलीनं केलेल्या. मी विचारलं, तर गुरुजी हसले. "पट कमी दिसला की संचमान्यतेत शिक्षक कमी होतो. मग राहिलेल्यांना कोण शिकवणार? आन् शाईनं हजर लिहावं तर तेबी खोटंच." संचमान्यता म्हणजे पटावरून शाळेला किती शिक्षक द्यायचे ते ठरवणं. त्या पेन्सिलीत सगळा पेपर होता. शाळा कुणासाठी? मूल 'हजर' आहे हे कोण ठरवतं? नियम पाळणं आणि लेकराचं भलं करणं यांत तिढा पडला, तर शिक्षकानं काय करावं? गुरुजी चुकले की नाही, याचं ठाम उत्तर माझ्यापाशी आजही नाही.

शिक्षणहक्क कायदा २००९चा, लागू झाला १ एप्रिल २०१० पासून. आपल्या राज्याच्या नियमांत पाचवीपर्यंतची शाळा घरापासून एक किलोमीटरच्या आत, सहावी ते आठवीची तीन किलोमीटरच्या आत असावी असं आहे. पहिल्यांदा वाचताना मला हे फार छान वाटलं होतं. पण कायदा घर धरून अंतर मोजतो, आणि इथं घरच सहा महिने उसाच्या फडात, कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत. म्हणजे कायदा करणाऱ्याच्या डोळ्यासमोर एक ठरावीक मूल होतं, घर एका जागी असलेलं. शिक्षणाचं तत्त्वज्ञान म्हणजे हे डोळ्यासमोरचं मूल ओळखणं, असं मी आता नवख्यांना सांगतो. रूसोचा एमिल (१७६२) वाचा. त्याच्याही डोळ्यासमोर एक मूल आहे, त्याच्या दिमतीला एक अख्खा शिक्षक आहे, आणि तो मुलगा आहे. मुलीसाठी रूसोची शिकवण वेगळीच. आमच्या गाईडात 'निसर्गवादाचा जनक' एवढंच होतं.

वाचायला सुरुवात कुठून करावी? प्लेटोपासून करू नका, कंटाळाल. जोतीराव फुल्यांनी १८८२ मध्ये इंग्रज सरकारच्या हंटर शिक्षण आयोगापुढं दिलेलं निवेदन आधी घ्या. छोटं आहे, एका बैठकीत संपतं. सरकारचा महसूल येतो रयतेच्या घामातून आणि खर्च होतो वरच्या वर्गांच्या शिक्षणावर, हा त्यातला मूळ मुद्दा. मग पुढं सगळं तपशिलात: निदान बाराव्या वर्षापर्यंत सक्तीचं प्राथमिक शिक्षण, अभ्यासात शेतीची माहिती, आणि शिक्षक शक्यतो शेतकरी जातींतले, वेळ पडली तर नांगराचा रुमणा धरायला न लाजणारे. पैसा कुणाचा, शिकतं कोण, शिकवतं कोण, हे तीन प्रश्न एकदा हाताशी आले की पुढचा कुठलाही विचारवंत वाचताना घाबरायला होत नाही.

त्यानंतर अमेरिकन विचारवंत जॉन ड्युई. त्याचं लोकशाही आणि शिक्षणावरचं पुस्तक १९१६ सालचं. त्याच सुमाराला बाबासाहेब आंबेडकर कोलंबिया विद्यापीठात त्याच्या वर्गात बसत होते. मी हे वाचलं तेव्हा अंगावर काटा आला, कारण त्या वर्गाचा धागा थेट आमच्या गावात येऊन पोचतो. बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनं १९५० मध्ये औरंगाबादला कॉलेज काढलं, तेच पुढं मिलिंद महाविद्यालय. नाव बघा. मिलिंद हा जुन्या बौद्ध ग्रंथातला प्रश्न विचारणारा राजा, उत्तरं देणारा भिक्खू नागसेन. परिसराला नागसेनवन म्हणायचं आणि कॉलेजला नाव प्रश्न विचारणाऱ्याचं! मी त्या फाटकासमोरून वर्षभर रिक्षानं ये-जा केली, तेव्हा हे कधी डोक्यात आलं नाही.

ड्युई म्हणतो, शिक्षण ही पुढच्या जगण्याची तयारी नव्हे, ते स्वतःच जगणं आहे. आता हे वाक्य लातूरच्या एखाद्या क्लासच्या गल्लीत उभं राहून वाचा. माझा मावसभाऊ तिथं दोन वर्षं राहिला. सराव परीक्षा, मेस, परत सराव परीक्षा. तो डॉक्टर झाला, घर वर आलं. लातूर पॅटर्नला नावं ठेवणं सोपं आहे, पण कोरडवाहू चार एकरवाल्याच्या पोराला तयारी सोडून 'जगणं' परवडतं का, हे ड्युईला विचारावंसं वाटतं. विचारवंताशी असं भांडता आलं पाहिजे. ब्राझीलचा शिक्षणविचारवंत फ्रेरे याची बँकेची उपमा वर्गात सगळ्यांना आवडते, शिक्षक ठेव भरतो आणि मूल म्हणजे खातं. पण ज्याचं खातंच उघडलेलं नाही, त्याचं काय?

शिक्षणात राजकारण आणू नका, असं एका प्राध्यापकांनी मला भर वर्गात सुनावलं होतं. मराठवाड्यात बसून हे म्हणायचं म्हणजे कमालच. माझे आजोबा निजामाच्या राज्यात शिकले, माध्यमिक शाळेचं माध्यम उर्दू. १९१८चं उस्मानिया विद्यापीठही उर्दूतच. हिप्परग्याला १९२१ मध्ये राष्ट्रीय शाळा निघाली, स्वामी रामानंद तीर्थ तिथं शिकवायचे, आणि पुढं तेच मुक्तिलढ्याचे नेते झाले. १९५८ मध्ये मराठवाड्याला स्वतःचं विद्यापीठ मिळालं. २७ जुलै १९७८ला त्याला बाबासाहेबांचं नाव देण्याचा, नामांतराचा ठराव झाला आणि दलित वस्त्या पेटल्या. जुन्या नावाला बाबासाहेबांचं नाव जोडून नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडावा लागला. एका पदवीच्या कागदावरच्या नावासाठी सोळा वर्षं! आणि हे 'शिक्षणात राजकारण नाही' म्हणे.

नोकरीचंही स्पष्ट सांगतो. नेट-सेट या प्राध्यापकीच्या पात्रता परीक्षांना शिक्षणशास्त्र हा स्वतंत्र विषय आहे, तो काढा, पण निघाला म्हणजे ऑर्डर हातात पडली असं समजू नका. मी चार वर्षं सीएचबीवर, म्हणजे तासिका तत्त्वावर काढली, मानधन कधी सहा महिन्यांनी यायचं. एका संस्थेत मुलाखतीला विषयावर एक प्रश्न नाही, 'साहेबांचं कोण लागता' एवढंच. घरी येऊन रडलो नाही, पण जेवलोही नाही. या वाटेवर येणाऱ्यानं सोबत दुसरं काहीतरी धरून ठेवावं. मी अनुवाद करायचो.

लघुप्रबंधाला मी स्थलांतरित लेकरांचा विषय घेतला. तोंडी परीक्षेला बाहेरचे परीक्षक म्हणाले, "हे समाजशास्त्र झालं, यात तत्त्वज्ञान कुठंय?" मी त्यांना पेन्सिलीची गोष्ट सांगितली. ते थोडा वेळ गप्प बसले, मग म्हणाले, "आमच्या वडिलांची शाळाबी तसलीच होती." मार्क बेताचेच दिले.

तुम्हाला विषय सुचत नसेल तर दिवाळीनंतर जवळच्या वाडीवरच्या किंवा तांड्यावरच्या शाळेत जा. आधी गुरुजींबरोबर चहा घ्या, लेकरांशी बोला. तांड्यावरची लेकरं घरी गोरमाटी, म्हणजे बंजारा बोली बोलतात, पुस्तकातली मराठी त्यांना परकी, त्यावरच एक प्रबंध होईल. मग हजेरीपत्रक बघायला मागा. बहुतेक देणार नाहीत. का देत नाहीत, तिथून लिहायला घ्या.