ग्वाल्हेर पायी पाहताना या चुका टाळा

महाराष्ट्रातून ग्वाल्हेरला येणाऱ्या पाहुण्यांच्या मनात बहुधा शिंद्यांचे ग्वाल्हेर असते आणि ते शोधायला ते सरळ किल्ल्यावर जातात. आम्ही लष्कर भागात राहणारी मराठी माणसे वर्षानुवर्षे हे पाहत आलो आहोत. आठ-दहा जणांच्या गटाने गाईडबरोबर पायी शहर पाहण्याची पद्धत आता इथेही रुळली आहे आणि ती मला मनापासून आवडते. मात्र अशा फेरीतून नाराज होऊन परतणाऱ्यांशी बोलल्यावर लक्षात येते की, निम्म्या तक्रारींचे मूळ या पहिल्याच गैरसमजात असते.

किल्ल्यावर पाहण्यासारखे जे आहे त्याचा मोठा भाग शिंद्यांच्या कितीतरी आधीचा आहे. मानमंदिर हा राजवाडा राजा मानसिंह तोमराने बांधला, त्याची कारकीर्द १४८६ ते १५१६. सासबहू मंदिर १०९३ सालचे, आणि तेली मंदिर त्याहूनही जुने. शिंद्यांकडे किल्ला होता, पण सलग नव्हता. १७८० मध्ये इंग्रजांनी तो एकदा जिंकला होता. १८५८ च्या धामधुमीनंतर पुन्हा त्यांनी तो स्वतःकडे ठेवला आणि १८८६ मध्ये झाशीच्या बदल्यात शिंद्यांना परत केला. शिंद्यांचे खरे शहर खाली आहे. दौलतराव शिंद्यांनी १८१० च्या सुमारास किल्ल्याच्या दक्षिणेला छावणी टाकली, ती उठलीच नाही, तिचेच शहर झाले आणि नावही लष्कर असेच राहिले. म्हणून फेरी ठरवण्याआधी तोमरांचा गड पाहायचा आहे की शिंद्यांचे लष्कर, हे घरातच बोलून घ्यावे. दोन्ही पाहायचे असल्यास दोन वेगळ्या सकाळी राखून ठेवाव्यात. महादजींची छत्री इथे शोधणारेही पुष्कळ भेटतात. ती पुण्यात वानवडीला आहे.

दुसरी चूक भेटण्याच्या जागेची. "किल्ल्याच्या दरवाजाशी भेटू" एवढाच निरोप धाडला की गट हमखास दुभंगतो, कारण वर जायला दोन वाटा आहेत. पूर्वेची वाट जुन्या ग्वाल्हेरातून, ज्याला इथले लोक किला गेट म्हणतात तिथून निघते. ती पायवाट आहे आणि गुजरी महालापासून एकामागून एक दरवाजे ओलांडत हत्ती पोळ या वरच्या दरवाजापर्यंत चढत जाते. पश्चिमेची वाट उरवाई घाटीतून वर येते व गाड्या तिकडून येतात. डोंगर लांबीला अडीच-तीन किलोमीटर असल्यामुळे चुकीच्या दारात उभ्या राहिलेल्या माणसाला शहरातून वळसा घालून यावे लागते आणि तोवर सकाळचा गारवा सरलेला असतो. निरोपात "किला गेट" किंवा "उरवाई" हा शब्द स्पष्ट लिहावा, नकाशावरची खूण पाठवावी. रिक्षाने जाणार असाल तर ती वरपर्यंत जाईल की पायथ्याशीच सोडेल, हेही बसण्यापूर्वी विचारून घ्यावे. चूक झालीच, तर गटाने खाली ताटकळत बसू नये. चुकलेल्याने आपल्याच वाटेने वर यावे आणि मानमंदिरासमोर सर्वांना गाठावे.

वाट निवडताना प्रकृतीचा विचार न करणे ही तिसरी चूक, आणि ती आमच्याच घरात घडलेली आहे. माझी मावशी पुण्याहून आली होती, वय बासष्ट. तिच्या गुडघ्यांचे दुखणे आम्ही गाईडला सांगितलेच नाही. एप्रिल महिना, किला गेटपासून निघायला साडेदहा झाले होते, आणि दोन दरवाजे ओलांडल्यावर ती एका कट्ट्यावर बसली ती उठेना. गाईड समंजस होते. त्यांनी गट थांबवला, तिला पाणी दिले आणि गाडी मागवली. पण ते सांगत असलेली अर्धी हकिकत तिथेच तुटली, आणि मावशीला इतरांचा खोळंबा केल्याचे वाईट वाटले ते वेगळेच. तेव्हापासून मी येणाऱ्यांना सांगतो की, ज्यांना चढताना दम लागतो त्यांनी उरवाईकडून गाडीने वर जावे आणि हत्ती पोळीच्या बाजूने पायी उतरावे. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी मात्र उतरण्यालाही गाडीच घ्यावी, कारण अशा गुडघ्यांना चढापेक्षा उतार जड जातो. गाडीने येणाऱ्यांनी उरवाई घाटीत उतरून कड्यात कोरलेल्या जैन मूर्ती अवश्य पाहाव्यात. पंधराव्या शतकात तोमर राजांच्या काळात त्या घडल्या, त्यांतली सर्वांत उंच सुमारे १७ मीटरची आहे. बाबराच्या आज्ञेने त्या छिन्नविच्छिन्न केल्या गेल्या; पुढे काहींचे चेहरे पुन्हा घडवण्यात आले. गाडीच्या काचेतून त्यांची उंची कळतच नाही.

ऋतूबाबतही थोडे. मे-जूनमध्ये इथला पारा ४५ अंशांच्या पुढे जातो आणि किल्ल्याचा दगड दुपारनंतरही तापलेलाच असतो. अशा दिवसांत सूर्योदयाबरोबर निघून नऊ-साडेनऊला सावलीत यावे. डिसेंबरअखेर आणि जानेवारीत उलट अडचण येते. दाट धुके पडते, वरून शहर दिसत नाही आणि आगगाड्या तासन्‌तास उशिरा धावतात, त्यामुळे गाडीतून उतरल्याच्या सकाळीच फेरी ठेवू नये. ऑक्टोबर-नोव्हेंबर किंवा फेब्रुवारी हे महिने पायी फिरणाऱ्याला सर्वांत सोयीचे. गुजरी महालातले संग्रहालय सोमवारी बंद असते. तिथली ग्यारसपूरची शालभंजिका ही प्रसिद्ध मूर्ती पाहायची असेल तर हा एक वार टाळलेला बरा.

गट लहान असावा असे सर्वच सांगतात, पण त्याचे कारण मानमंदिराच्या तळघरात उतरल्यावरच पटते. खाली जाणारे जिने अरुंद आणि अंधारे आहेत, वटवाघळांचा वास येतो, आणि खांबांची गोलाकार दालने इतकी आटोपशीर आहेत की वीस माणसे उतरली तर मागच्या दहांना ना काही दिसते ना ऐकू येते. पुढे याच किल्ल्यात मुघलांचे राजकैदी ठेवले गेले आणि औरंगजेबाच्या आज्ञेने त्याचा भाऊ मुरादबक्ष याला १६६१ मध्ये इथेच ठार करण्यात आले. ही हकिकत शांतपणे ऐकावी अशी आहे. नोंदणीच्या वेळी "जास्तीत जास्त किती जण असतील?" असे नेमके विचारावे. "छोटा ग्रुप आहे" या उत्तरावर समाधान मानू नये. आयत्या वेळी गट फुगलाच, तर गाईडना दोन तुकड्या करून खाली न्यायची विनंती करावी. चांगले गाईड ती मान्य करतात. एक छोटी विजेरी जवळ असू द्यावी. तिकिटाचेही लक्षात ठेवावे: मानमंदिर केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे आहे, तर त्याच्या पलीकडचे जहांगीर महाल, कर्ण महाल वगैरे वास्तू राज्याच्या खात्याकडे, म्हणून एका तिकिटात सारे उरकेल असे गृहीत धरू नये.

आता ज्या चुकीबद्दल मला सर्वांत जास्त वाटते तिच्याकडे येतो. ऐकीव कथा आणि लेखी पुरावा यांत फरक न करता सारे ऐकून घेणे, ही ती चूक. सासबहू मंदिरे सासूसुनेसाठी बांधली असे ऐकवले जाते. खरे तर हे नाव सहस्रबाहूचा, म्हणजे विष्णूच्या नावाचा अपभ्रंश मानला जातो, आणि मोठ्या मंदिरातला शिलालेख कच्छपघात राजा महीपालाचा आहे. शिंद्यांच्या जयविलास महालाचे छत मजबूत आहे की नाही हे पाहण्यासाठी त्यावर हत्ती चढवले, ही कथाही अशीच लोकप्रिय आहे. अशा कथा रंजक आहेत आणि त्या सांगू नयेत असे मी म्हणणार नाही. पण "हे कुठे लिहिलेले आहे?" असा प्रश्न एकदा तरी नम्रपणे विचारावा. जे गाईड "ही दंतकथा आहे, आणि हा शिलालेख आहे" असे वेगवेगळे करून सांगतात त्यांचीच पुन्हा निवड करावी, मग त्यांचे बोलणे फारसे रंगतदार नसले तरी चालेल.

कारण किल्ल्यावरची सर्वांत थोर गोष्ट अशा रंगतदार बोलण्यात हरवून जाते. हत्ती पोळीच्या वाटेवर चतुर्भुजाचे एक लहानसे, कातळात कोरलेले मंदिर आहे. इसवी सन ८७६ च्या तिथल्या लेखात फुलबागेसाठी दिलेल्या २७० हात लांब व १८७ हात रुंद जमिनीची आणि रोज वाहायच्या ५० माळांची नोंद आहे. त्या २७० आणि ५० मधले शून्य आज आपण लिहितो तसेच, गोल कोरलेले आहे. कोरीव लेखांतल्या शून्याच्या अत्यंत जुन्या खुणांपैकी ती एक. घाईतल्या फेऱ्या या मंदिरावरून पुढे निघून जातात, आणि गाडीने येऊन गाडीनेच परतणाऱ्यांना ते दिसतही नाही. म्हणून फेरीत चतुर्भुज मंदिर आहे का, हे मी आधी विचारतो.

लष्करच्या फेरीत उशिरा निघणे ही मोठी चूक. महाराज बाडा या लष्करच्या मुख्य चौकात दुकाने उघडून वर्दळ सुरू झाली की व्हिक्टोरिया मार्केट, टाऊन हॉल आणि टपाल कचेरीच्या दर्शनी भागांकडे मान वर करून पाहणे अवघड होते. सकाळी सात ते नऊ हा काळ त्यासाठी उत्तम. गोरखी हा शिंद्यांचा जुना वाडा, छत्री बाजारातल्या शिंद्यांच्या छत्र्या आणि फुलबागेजवळची राणी लक्ष्मीबाईंची समाधी एवढे एका सकाळी नीट होते. १८५८ च्या जूनमध्ये राणी इथेच पडल्या, त्यामुळे समाधीपाशी गटाने बोलणे थांबवावे असे मला वाटते.

संगीताची आवड असणाऱ्यांनी फेरी ठरवतानाच तसे सांगावे, नाहीतर तानसेनाच्या समाधीपलीकडे विषय सरकत नाही. ग्वाल्हेर घराण्याच्या हस्सू-हद्दू खाँ यांची गायकी वासुदेवबुवा जोशी आणि त्यांचे शिष्य बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर यांच्यामार्फत महाराष्ट्रात पोहोचली, तिथून विष्णु दिगंबर पलुस्करांपर्यंत गेली. भातखंड्यांच्या पुढाकाराने सुरू झालेले माधव संगीत महाविद्यालय १९१८ चे, तेही लष्करातच. आधी कळवले तर जाणकार गाईड याच गल्ल्यांतून कृष्णराव शंकर पंडितांच्या परंपरेपर्यंत घेऊन जातात. फेरी सुरू झाल्यावर सांगितले तर मात्र त्यांची वाट ठरलेली असते आणि उरलेल्या गटालाही त्यासाठी थांबवता येत नाही.