अ‍ॅबाच्या जुन्या एलपी: कोणत्या घ्यायच्या, कशा पारखायच्या

स्वीडनच्या अ‍ॅबा या चौघांच्या पॉप गटाचे स्टुडिओ अल्बम नऊ. १९७३ ते १९८१ मध्ये आठ, आणि चाळीस वर्षांनी, २०२१ साली ‘व्हॉयेज’. हिट गाण्यांचे संग्रह वेगळे. संग्रह घ्यायला हरकत नाही, पण त्यात गाणी सुटी सुटी कळतात, चौघांचा प्रवास कळत नाही.

सुरुवात ‘अरायव्हल’पासून (१९७६) करा. ‘डान्सिंग क्वीन’, ‘मनी, मनी, मनी’ आणि ‘नोइंग मी, नोइंग यू’ एकाच तबकडीवर आहेत. ‘फर्नांडो’ मात्र त्यावर शोधू नका. ते फक्त ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडच्या आवृत्तीत आहे. मग ‘सुपर ट्रूपर’ (१९८०). ‘द विनर टेक्स इट ऑल’ त्यातलंच: गटातलं जोडपं अग्नेथा आणि ब्योर्न वेगळे झाल्यावर ब्योर्नने शब्द लिहिले आणि गायली अग्नेथा. हे माहीत असलं की तिच्या आवाजातला कंप वेगळाच ऐकू येतो. ‘हम किसीसे कम नहीं’मधल्या ‘मिल गया हमको साथी’ची चाल जिच्यावरून आली ती ‘मम्मा मिया’ हवी असेल तर १९७५ चा ‘अ‍ॅबा’ घ्या. १९७३ चा ‘रिंग रिंग’ सगळ्यांत शेवटी ऐकला तरी चालेल.

आता पारख. मुंबईच्या चोर बाजारातल्या मटण स्ट्रीटच्या दुकानांत उजेड कमी असतो, तेव्हा मोबाइलचा टॉर्च लावा. तबकडी कडांना धरून तिरपी करा. केसासारख्या बारीक रेषा चालतात. नखाला अडकणारा चरा नको, कारण मिनिटाला ३३⅓ फेऱ्यांच्या वेगात तो दर १.८ सेकंदाला टक् करतो. ‘अरायव्हल’च्या पहिल्या बाजूला दुसरा पट्टा ‘डान्सिंग क्वीन’चा, चौथा ‘डम डम डिडल’चा. दोन्हींची चमक ताडून बघा. दुसरा करडा आणि चौथा काळाभोर दिसला, तर पहिल्या मालकाने एकच गाणं बोथट सुईने झिजवलंय. अशी रेकॉर्ड कितीही धुवा, सुधारत नाही. मधल्या भोकाभोवती लेबलवर ओरखड्यांचं जाळं असेल तर ती खूप वाजलीय असं समजा.

अ‍ॅबाच्या बाबतीत झीज जास्त बोचते, त्यालाही कारण आहे. ध्वनिमुद्रक मायकेल ट्रेटो तेच वादन आणि तेच आवाज पुन्हा मुद्रित करून थरावर थर चढवायचे, टेपचा वेग किंचित बदलून. सुई जिच्यातून फिरते ती खोबणी झिजली की वरच्या पट्टीतले हे थर एकमेकांत मिसळतात आणि ‘स’चा उच्चार फाटतो.

मुंबईच्या पावसाळ्यात बुरशी ठरलेलीच. पांढरे ठिपके दिसले तर एक लिटर डिस्टिल्ड वॉटरमध्ये भांड्यांच्या लिक्विडचे दोन-तीन थेंब टाका. मायक्रोफायबर कापड त्यात भिजवून खोबणीच्या दिशेने गोल पुसा, आडवं नाही. लेबल कोरडं ठेवा. मग नुसत्या डिस्टिल्ड वॉटरने पुसून तबकडी उभी वाळवा. नळाचं पाणी वापरलं तर क्षार खोबणीत बसतात आणि चरचर वाढते. आतलं जुनं कागदी पाकीट टाकून द्या. बुरशी त्यातच दडलेली असते, धुतलेली रेकॉर्ड परत त्यात घातली की महिन्याभरात ठिपके हजर. बाहेरच्या प्लास्टिकचं तोंड उघडं राहू द्या आणि रेकॉर्डी उभ्याच ठेवा.

सुईचा भार कार्ट्रिजच्या (सुई बसवलेल्या भागाच्या) माहितीपत्रकावर असेल तेवढाच लावा. बहुतेकांना दीड ते दोन ग्रॅम लागतो. कमी ठेवला तर रेकॉर्ड वाचेल हा गैरसमज आहे. हलकी सुई खोबणीत थडथडते आणि भिंती आणखी खरवडते.

‘द व्हिजिटर्स’ (१९८१) घेताना सगळ्यांत चोखंदळ राहा. त्याचं बरंचसं मुद्रण डिजिटल आहे, वाद्यांमध्ये मोकळी शांतता आहे, त्यामुळे प्रत्येक टकटक उघडी पडते. स्वच्छ प्रत मिळेना तर सरळ सीडी घ्या. १९८२ मध्ये कारखान्यातून निघालेल्या अगदी पहिल्या सीडींमध्ये हाच अल्बम होता.